कवडसा कोणाचा?

‘कवडसा’ हा शब्द नव्या पिढीच्या बोलण्यातून हळूहळू नाहीसा होत चालला आहे. काँक्रीटच्या घरांत कवडशाला आत यायला फटच उरलेली नाही, हे त्याचे एक कारण असावे. आमचे बालपण बडोद्यातील एका जुन्या कौलारू वाड्यात गेले. दुपारी माजघरात निजानीज झाली की कौलांच्या फटीतून उन्हाचा एक तिरका खांब जमिनीवर उतरे. त्या खांबात धुळीचे कण संथपणे फिरत असत आणि आम्ही मुले तो खांब मुठीत धरू पाहत असू. आमचा हा खेळ पाहून आजोबा एकदा म्हणाले, “अरे, दिसते ती धूळ. ऊन कुठे दिसते?” त्या वयात ते वाक्य कानांवरून गेले. पुढे शाळेत पदार्थविज्ञानाने त्याला दुजोरा दिला. प्रकाश स्वतः दिसत नाही. तो ज्यावर पडतो ते दिसते. आणि आता उतारवयात त्याच वाक्यात एक नैतिक प्रश्न दडलेला आहे, असे आम्हांला वाटू लागले आहे. जो दुसऱ्याला दृश्यमान करतो त्याने स्वतः अदृश्य राहावे, ही गोष्ट योग्य की अन्याय्य? आणि योग्य असली, तर ते ठरवायचे कोणी?

हा प्रश्न आमच्या मनात पुन्हा जागा झाला तो एका जुन्या चित्रपटामुळे. गुरुदत्त यांचा ‘कागज के फूल’ हा १९५९ सालचा चित्रपट वाचकांपैकी अनेकांनी पाहिला असेल. सिनेमास्कोप या रुंद पडद्याच्या तंत्राने काढलेला तो भारतातील पहिला चित्रपट. एका यशस्वी दिग्दर्शकाची वाताहत ही त्याची कथा आणि रिकाम्या स्टुडिओत दिग्दर्शकाच्या खुर्चीतच त्याने प्राण सोडणे हा तिचा शेवट. त्यात गीता दत्त यांच्या आवाजातील एक गाणे आहे. ओसाड स्टुडिओत वहिदा रहमान आणि गुरुदत्त दूर दूर उभे आहेत, आणि वरून प्रकाशाचा एक प्रचंड झोत त्या अंधारात उतरला आहे. त्या झोतात धूळ तरंगते आहे. आमच्या वाड्यातला कवडसाच जणू शतपटीने मोठा होऊन तेथे उभा राहिला आहे. या चित्रपटाचे बाकी सारे ज्यांना आठवत नाही, त्यांनाही तो झोत आठवतो.

हा झोत कोणाचा? सहज उत्तर येते, गुरुदत्तांचा. थोडे अधिक जाणणारे सांगतील, व्ही. के. मूर्तींचा. मूर्ती या चित्रपटाचे छायाचित्रकार होते. स्टुडिओतील कोणत्याही दिव्यातून तसा सरळ, समांतर आणि बळकट झोत निघणे कठीण होते. मग त्यांनी प्रत्यक्ष सूर्यालाच कामाला लावले. दोन मोठे आरसे घेतले; उन्हात ठेवलेल्या आरशाने ऊन आत वळवायचे आणि दुसऱ्याने ते हवे तेथे सोडायचे, अशी ती योजना. सांगायला इतकी सोपी की, हे आपल्यालाही सुचले असते, असे ऐकणाऱ्याला वाटावे. मोठ्या कल्पनांचे असेच असते.

पण या सोप्या योजनेत एक अडचण आहे, आणि आमच्या लेखाचा विषय त्या अडचणीतच आहे. सूर्य थांबत नाही. आकाशात तो दर चार मिनिटांना सुमारे एक अंश सरकतो. एक अंश म्हणजे दहा मीटर अंतरावर जवळजवळ सतरा सेंटिमीटर, वीतभराला थोडे कमी. म्हणजे आरसा एकदा लावून निवांत बसलो, असे चालायचे नाही. सूर्यासरशी कोणीतरी तो क्षणोक्षणी किंचित किंचित फिरवीत राहिले पाहिजे. मूर्ती कॅमेऱ्याजवळ असणार, गुरुदत्त कॅमेऱ्यासमोर. मग उन्हात आरशापाशी कोण उभे होते? आम्ही आजवर जे जे वाचले त्यात हे नाव कोठेही आढळले नाही. त्या काळच्या चित्रपटांच्या श्रेयनामावलीत दिवे सांभाळणाऱ्या कामगारांची नावे सहसा नसतच.

मूर्तींची स्वतःची कारकीर्दही या प्रश्नाच्या दृष्टीने पाहण्याजोगी आहे. १९२३ साली म्हैसूरला जन्मलेला हा माणूस बंगळूरच्या तंत्रसंस्थेत छायाचित्रण शिकून मुंबईला आला आणि फली मिस्त्री यांच्यासारख्या नाणावलेल्या छायाचित्रकारांच्या हाताखाली त्याने उमेदवारी केली. १९५१ च्या ‘बाजी’त ते व्ही. रात्रा यांचे सहायक होते. तेथे त्यांनी कॅमेऱ्याची एक अवघड हालचाल सुचवली व स्वतः करून दाखवली. ते पाहून गुरुदत्तांनी त्यांना आपलेसे केले. १९५२ च्या ‘जाल’पासून ‘आरपार’, ‘मिस्टर अँड मिसेस ५५’, ‘प्यासा’, ‘कागज के फूल’ आणि १९६२ च्या ‘साहब बीबी और गुलाम’पर्यंत ही जोडी टिकली. यांपैकी शेवटच्या दोन चित्रपटांसाठी मूर्तींना फिल्मफेअर पारितोषिके मिळाली. १९६४ साली गुरुदत्त गेले. मूर्ती त्यानंतरही काम करीत राहिले. ‘लव्ह इन टोकियो’सारख्या रंगीत, रंजक चित्रपटांनाही त्यांनी तितक्याच निष्ठेने प्रकाश पुरवला. त्यांचे सहायक गोविंद निहलानी पुढे स्वतः नामवंत छायाचित्रकार झाले. सत्यदेव दुबे यांचा ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ हा १९७१ चा मराठी चित्रपट त्यांच्याच कॅमेऱ्याने टिपला. मग निहलानी दिग्दर्शक झाले, आणि १९८८ च्या ‘तमस’साठी शिष्याने दिग्दर्शन करावे व गुरूने कॅमेरा हाती घ्यावा, असा दुर्मीळ योग आला. या मागे राहण्यात गुरूला कमीपणा वाटला नसावा. उभे आयुष्य त्यांनी मागे उभे राहण्यातच घालवले होते.

भारतीय चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च मानला जाणारा दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. नट, नटी, दिग्दर्शक, निर्माते, संगीतकार, गायक यांना तो मिळत गेला. निव्वळ छायाचित्रणाच्या कामासाठी तो प्रथम मिळाला मूर्तींना. पुरस्कार २००८ सालचा, आणि तो स्वीकारला गेला २०१० मध्ये. तेव्हा ते ८६ वर्षांचे होते आणि त्या झोताला पन्नास वर्षे उलटून गेली होती. २०१४ साली बंगळूरला त्यांचे निधन झाले.

येथे एक आक्षेप वाचकांच्या मनात येईल, आणि तो रास्तच आहे. ज्या कामाचे स्वरूपच असे की ते उत्तम झाले तर दिसू नये, त्या कामाला प्रसिद्धीचा सोस कशाला? सुब्रत मित्र यांचे उदाहरण घ्यावे. सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’चे चित्रण सुरू झाले तेव्हा हा तरुण जेमतेम एकविशी-बाविशीचा होता आणि चित्रपटाचा कॅमेरा त्याने पूर्वी हाताळलेला नव्हता. पुढे १९५६ च्या ‘अपराजितो’साठी काशीतील घराचे अंगण कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारावे लागले. तशा बंदिस्त अंगणात ऊन थेट उतरत नाही. आभाळाचा मऊ, बिनसावलीचा उजेड तेवढा झिरपतो. स्टुडिओच्या दिव्यांनी मात्र एकेका वस्तूच्या दोन-दोन, तीन-तीन सावल्या पडत. मित्रांनी अंगणावर पांढरे कापड ताणून बसवले, दिव्यांचे तोंड त्या कापडाकडे वळवले आणि परतून येणाऱ्या उजेडात चित्रण केले. प्रेक्षकांना ते काशीचे खरे अंगण वाटले. आता त्या कापडाचे यश कशात? ते कोणालाही दिसले नाही, यात. कॅमेऱ्याच्या भिंगाचा नेम नटाच्या हालचालीबरोबर सांभाळणाऱ्या सहायकाचेही तसेच. नेम बरोबर असेल तर त्याचे अस्तित्व कोणास जाणवत नाही. वीतभर चुकला की साऱ्या थिएटरला कळते. ज्याची आठवण केवळ चुकीच्या वेळी होते असा हा व्यवसाय. मग नाव हवे कशाला? आपल्या परंपरेत तर वेरूळचे कैलास घडवणाऱ्यांनीही आपली नावे मागे ठेवली नाहीत. फळाची आशा न धरता कर्म करावे, असे गीता सांगते.

हा युक्तिवाद आम्ही स्वतः अनेक वर्षे केलेला आहे, व्यासपीठावरूनही केलेला आहे. आज तो आम्हांला पुरता पटत नाही. त्याची दोन कारणे आहेत.

पहिले असे की, प्राचीन काळी नाव कोरण्याची चालच नव्हती, हे खरे नाही. कार्ल्याच्या चैत्यगृहात खांबोखांबी लेख आहेत. हा खांब कोणाचे दान, ते कोठले राहणारे, हे आज दोन हजार वर्षांनंतरही वाचता येते. म्हणजे दगडावर नावाला जागा होती. ती प्रामुख्याने दात्यांना मिळाली; छिन्नी चालवणाऱ्या बहुतेक हातांना मिळाली नाही. ज्याला आपण परंपरेची निरहंकारी वृत्ती म्हणून गौरवतो, त्यात कारागिराची वृत्ती किती आणि त्याची निरुपायता किती, हे कोणी विचारलेले नाही. विचारायला आज तो कारागीर हयात नाही, आणि म्हणूनच त्याच्या वतीने बोलणे आपल्याला इतके सोपे जाते.

दुसरे कारण अधिक मूलगामी आहे. फलाची आसक्ती सोडण्याचा उपदेश कर्म करणाऱ्याला केलेला आहे. त्याच्याकडून काम करून घेणाऱ्याला तो नव्हे. मजुराने मजुरीचा लोभ धरू नये, ही एक गोष्ट. मालकाने त्याच वचनाचा आधार घेऊन मजुरी बुडवावी, ही अगदी निराळी गोष्ट. शब्द तेच असतात, पण बोलणारा बदलला की पुण्याचे पाप होते. आपले नाव मागे ठेवणे हा त्याग आहे. दुसऱ्याचे नाव मागे ठेवणे हा त्याग नव्हे, ती कसूर आहे. त्यागावर अधिकार फक्त ज्याचे नाव त्याचा.

हे तत्त्व आम्ही ग्रंथांतून शिकलो असतो तर बरे झाले असते. आम्ही ते एका कसुरीतून शिकलो, आणि ती सांगितल्यावाचून हा लेख प्रामाणिक होणार नाही.

आमच्या मंडळात एके काळी दरवर्षी गणेशोत्सवात नाटक होई. प्रकाशयोजना एकच गृहस्थ पाहत. दिवसा ते वीज कंपनीत फिटर होते. आज बटणे दाबून दिवे मंद-प्रखर करता येतात; तेव्हा हौशी मंडळांना ती चैन नव्हती. चिनी मातीच्या बरण्यांत मिठाचे पाणी भरून त्यांत दोन पत्रे सोडलेले असत. वरचा पत्रा खाली सोडला की रंगमंचावर उजाडे, वर ओढला की सांज होई. पाणी तापून वाफा निघत, विंगेत उकडून जाई, आणि हात जरा चुकला तर जिवावर बेतण्याची भीती असे. प्रेक्षागृहात बायाबापड्या नायिकेच्या मरणाने डोळे पुसत असत, तेव्हा हे गृहस्थ घामाने निथळत, बोटाबोटाने पत्रा वर ओढून तिच्या चेहऱ्यावरचा उजेड मालवीत असत. असे त्यांनी वीसहून अधिक वर्षे केले. मानधन कधी घेतले नाही.

पुढे मंडळाची सुवर्णमहोत्सवी स्मरणिका निघाली. संपादनाचे काम आमच्याकडे होते. तीत नटांची, लेखकांची, देणगीदारांची, इतकेच काय, मंडपाचे कापड सवलतीत देणाऱ्याचेही नाव आले. यांचे आले नाही. कोणी आकसाने गाळले नव्हते. यादी करताना आठवले नाही, एवढेच. अंक छापून आल्यावर ते ध्यानात आले आणि आम्ही ओशाळून त्यांच्यापुढे दिलगिरी व्यक्त केली. ते हसले. म्हणाले, “अहो, उजेडाचं नाव कशाला छापायचं? नाटक दिसलं ना सगळ्यांना?” त्या उत्तराने आम्ही भारावलो. त्यानंतर कित्येक भाषणांत आम्ही ते उद्धृत केले आणि टाळ्या मिळवल्या. निष्काम कर्माचा याहून सुंदर दाखला कोणता?

काही वर्षांनी ते गेले. आम्ही भेटीला गेलो असता वहिनींनी जुन्या कागदांचा एक गठ्ठा पुढे केला; मंडळाचे काही असेल तर घेऊन जा, म्हणाल्या. त्यात त्या स्मरणिकेच्या दोन प्रती होत्या. सभासदाला एक प्रत विनामूल्य होती. दुसरी त्यांनी विकत घेतली होती. आम्ही विचारले, दोन कशाला? वहिनी म्हणाल्या, “अंक निघायच्या आधीच पैसे भरून ठेवले होते. एक मुलीकडे अमेरिकेला पाठवायची होती. मग पाठवली नाही.”

आम्ही त्यावर काही बोलू शकलो नाही. त्यांचे ते हसणे खोटे होते, असे आम्ही म्हणत नाही. झालेली गोष्ट पोटात घालून त्यांनी आमची लाज राखली, हा त्यांचा मोठेपणा खराच होता. पण तो त्यांचा होता. आम्ही तो आमच्या सोयीसाठी वापरला, आमच्या विस्मरणाला तत्त्वज्ञानाचे वस्त्र नेसवले आणि वर टाळ्याही घेतल्या.

यावर कोणी म्हणेल, मग ही यादी संपायची कोठे? मूर्तींचे नाव घ्यायचे, तर आरसा फिरवणाऱ्याचेही घ्या. मग आरसा वाहून आणणाऱ्याचे, तो बनवणाऱ्याचे, आणि शेवटी सूर्याचेही! अलीकडच्या चित्रपटांत शेवटी कित्येक मिनिटे नावे सरकत राहतात आणि लोक खुर्च्या सोडून दाराकडे चालू लागतात. नुसत्या याद्यांनी कृतज्ञता होत नाही, हे आम्हांला मान्य आहे. साखळी अनंत आहे, हेही मान्य. परंतु साखळीतील प्रत्येक कडीचे नाव घेणे अशक्य, म्हणून हाताला लागून असलेल्या कडीचेही घ्यायचे नाही, ही पळवाट झाली. आरसा धरणाऱ्याचे नाव आज आम्हांला ठाऊक नाही. ते आमचे अज्ञान. फिटरसाहेबांचे नाव आम्हांला ठाऊक होते. ती आमची कसूर. नीती आपल्याकडून सर्वज्ञता मागत नाही. जेवढे ठाऊक आहे तेवढ्याला जागावे, इतकेच ती मागते.

येथे बडोदेकरांना अभिमानाची वाटणारी एक गोष्ट जरा निराळ्या अंगाने आठवते. ज्यांच्या नावाचा पुरस्कार मूर्तींना मिळाला ते दादासाहेब फाळके आपल्या बडोद्याच्या कलाभवनात शिकले. सयाजीराव महाराजांनी १८९० मध्ये काढलेल्या या संस्थेचे नाव आपण त्यामुळे आवर्जून घेतो. १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ फाळक्यांचा, हे शाळकरी मुलालाही ठाऊक असते. त्याचा कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांनी चालवला, हे किती जणांना ठाऊक आहे? आणि सरस्वतीबाई फाळके? कच्च्या फिल्मला छिद्रे पाडणे, ती धुणे, सगळ्या मंडळींचा स्वयंपाक करणे, ही कामे त्यांनी केली. चित्रणाच्या वेळी उजेड परतवण्यासाठी त्या उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहत, असेही सांगतात. मूर्तींच्या आरशाच्या आणि मित्रांच्या कापडाच्या किती तरी आधी, भारतीय चित्रपटाच्या पहिल्या पावलाशीच, कोणीतरी उन्हात उभे राहून दुसऱ्यावर उजेड पाडीत होते. पुरस्काराला ज्या घराण्याचे नाव आहे, त्या घरातच हा प्रश्न जन्मला होता.

चाणाक्ष वाचक आता विचारतील की, एवढे सारे लिहून या लेखातही त्या गृहस्थांचे नाव का नाही? लेख लिहिण्यापूर्वी आम्ही वहिनींकडे गेलो होतो. नाव छापण्याची परवानगी मागितली. त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “आता नको. तेव्हा हवं होतं.”

त्यांचा शब्द आम्ही पाळला आहे. या खेपेस नाव मागे ठेवण्याचा निर्णय निदान ज्यांचा अधिकार त्यांनी घेतला, आम्ही नव्हे. मंडळाच्या कार्यक्रमपत्रिकेत हल्ली दिवे, ध्वनी, पडदा आणि सतरंज्या सांभाळणाऱ्यांची नावे नटांच्याच टाइपात छापली जातात. छापण्यापूर्वी प्रत्येकाला विचारले जाते. एक-दोघे नको म्हणतात, आणि त्यांचे नाव आम्ही छापत नाही.